एकशे दहा माणसांचं गाव चालतं कसं?

सातारा किंवा रत्नागिरी जिल्ह्यातल्या शंभर-सव्वाशे माणसांच्या वाडीच्या वाट्याला काय येतं, ते आपण जाणतो. दिवसाला एखादी एसटी, तीही पावसात रस्ता वाहून गेला नाही तर. चौथीपर्यंतची शाळा, आणि पट कमी म्हणून ती कधी बंद होईल याची धास्ती. दुखलंखुपलं तर तालुका गाठायचा.

आता ऑस्ट्रेलियाचा नकाशा समोर घ्या. क्वीन्सलँड राज्याच्या पार नैर्ऋत्य कोपऱ्यात, सिम्पसन वाळवंटाच्या काठाला, डायमँटिना नदीवर बर्ड्सविल नावाचं गाव आहे. २०२१ च्या जनगणनेत तिथे ११० माणसं भरली. किनारपट्टीपासून आत पसरलेल्या कोरड्या, विरळ वस्तीच्या मुलखाला तिकडे आउटबॅक म्हणतात. त्या आउटबॅकमधलंही हे आडबाजूचं गाव. राज्याची राजधानी ब्रिस्बेन दीड हजार किलोमीटरच्याही पलीकडे. वर्षभरात पाऊस पडतो तो दोनशे मिलिमीटरच्या आतच. महाबळेश्वरला जुलैच्या एखाद्या दिवसात तेवढा होऊन जातो. २४ डिसेंबर १९७२ रोजी इथे पारा ४९.५ अंशांवर गेला होता, आणि तो क्वीन्सलँडचा उच्चांक आहे. शेती नाही, खाण नाही, कारखाना नाही.

तरीही गावात विमानाची धावपट्टी आहे. पोलीस ठाणं, दवाखाना, शाळा आहे. १८८४ सालचं दगडी हॉटेल आहे, बेकरी आहे, आणि घोड्यांच्या शर्यतीचं मैदानही आहे. हे सगळं कशाच्या जिवावर?

माझं उत्तर असं, की बर्ड्सविल पिकावर कधी जगलंच नाही, ते वाटेवर जगलं. इथून पुढे जायचं असेल तर इथे थांबावंच लागतं, एवढंच त्याचं भांडवल. गेल्या दीडशे वर्षांत जाणारे बदलले, माल बदलला, थांबण्याची कारणं बदलली.

आधी वाट, मग गाव

गोऱ्यांनी गाव वसवण्याच्या हजारो वर्षं आधीपासून हा वांगकांगुरू आणि यार्लुयांडी या आदिवासींचा मुलूख. त्यांच्या काळीही इथून मोठी व्यापारी वाट जात होती. वायव्येला मलिगन नदीच्या परिसरात पिचुरी नावाचं झुडूप वाढतं. त्याच्या पानांत निकोटीन असतं. ती पानं वाळवून, विशिष्ट झाडांच्या राखेत मळून चघळत. राख क्षारधर्मी असल्याने निकोटीन मोकळं होऊन लवकर भिनतं; आपल्याकडे तंबाखूत चुना मळतात त्यामागेही हेच रसायन आहे. पिचुरी भरलेल्या पिशव्या शेकडो किलोमीटर दक्षिणेला जात आणि तिकडच्या फ्लिंडर्स डोंगररांगेतली तांबडी गेरू उत्तरेला येई.

ही वाट सरळ नव्हती. ती एका पाणवठ्यावरून दुसऱ्यावर जायची. डायमँटिना वर्षातला बराच काळ वाहत नाही, पण तिच्या पात्रातल्या खोल डोहांत पाणी टिकतं. आत वाळवंटात तर डोहही नाहीत. तिथे वांगकांगुरूंनी वाळूच्या टेकड्यांमधल्या सखल जागी अरुंद, खोल विहिरी खणलेल्या होत्या. त्यांना ते मिकिरी म्हणत. कुठली मिकिरी कुठे, हे डोक्यात ठेवायचं, नकाशा नाही. १९०० च्या सुमारास शेवटची कुटुंबं वाळवंट सोडून मिशन आणि गुरांच्या मळ्यांकडे आली. पुढे याच मळ्यांवर गुरं राखण्याचं, घोडे माणसाळवण्याचं बरंचसं काम आदिवासींनीच केलं, बहुतेकदा तुटपुंज्या मोबदल्यावर. २०१४ साली न्यायालयाने इथल्या जमिनीवरचा त्यांचा मूळ हक्क मान्य केला.

बर्ड्सविलच्या इतिहासाची सुरुवात पहिल्या दुकानापासून करण्याचा प्रघात आहे. मला तो पटत नाही. दुकानदाराने जागा निवडली ती नदी ओलांडण्याची होती. म्हणूनच गावाचं आधीचं नाव ‘डायमँटिना क्रॉसिंग’. ती जागा आणि तिथून दक्षिणेला जाणारी वाट, दोन्ही आधीच ठरलेल्या होत्या.

जकात नाक्याचा सुकाळ

एकोणिसाव्या शतकात ऑस्ट्रेलिया हा एक देश नव्हता. सहा स्वतंत्र ब्रिटिश वसाहती होत्या आणि एकीतून दुसरीत माल न्यायचा तर जकात पडायची. क्वीन्सलँड आणि दक्षिण ऑस्ट्रेलिया यांची सरहद्द बर्ड्सविलपासून अवघ्या दहा-बारा किलोमीटरवर. १८७० नंतर या भागात गुरांचे प्रचंड मळे उभे राहिले. (तिकडे अशा मळ्याला ‘स्टेशन’ म्हणतात, रेल्वेशी संबंध नाही.) या मळ्यांवरची गुरं दक्षिणेला ॲडिलेडच्या बाजाराकडे चालत नेत. १८८४ मध्ये रेल्वे मरी या गावापर्यंत आली, तेव्हा बर्ड्सविल ते मरी हा ५१७ किलोमीटरचा पट्टा गुरांचा हमरस्ता झाला. त्यालाच बर्ड्सविल ट्रॅक म्हणतात.

कळप आला की सरहद्दीवर थांबणार, मोजदाद होणार, कागद होणार, पैसे भरले जाणार. हाकणारे लोक आठवडेच्या आठवडे धुळीत चालून आलेले. त्यांना पिठापासून खोगिरापर्यंत सगळं हवं, आणि दारू तर हवीच. त्यामुळे जकात कचेरीभोवती हॉटेलं आली, दुकानं आली, सरबताचा एक छोटा कारखानाही आला. वस्ती दोन-तीनशेवर गेली.

१९०१ साली सहाही वसाहती एक होऊन ऑस्ट्रेलिया हा देश झाला आणि आतली जकात संपली. देशाला आनंद झाला, बर्ड्सविलचा मात्र पाया गेला. हॉटेलं बंद पडत गेली, माणसं निघून गेली, आणि १९५० च्या दशकापर्यंत गाव पन्नासच्या आसपास येऊन ठेपलं. अशी कितीतरी गावं आउटबॅकमध्ये पुरती उठली. हे उठलं नाही, कारण जकात गेली तरी तहान गेली नव्हती.

पाणी पंपाशिवाय वर येतं

इथली सगळ्यात नवलाची गोष्ट जमिनीखाली आहे. ऑस्ट्रेलियाच्या पाचव्या हिश्शाहून मोठ्या भागाखाली, सुमारे १७ लाख चौरस किलोमीटरवर, भूजलाचा एक अखंड साठा पसरलाय. त्याला ग्रेट आर्टिशियन बेसिन म्हणतात. ‘साठा’ म्हटलं की भूमिगत तळं डोळ्यांपुढे येतं. तसं ते नाही. हे पाणी वालुकाश्म नावाच्या खडकाच्या बारीक छिद्रांत भरलेलं आहे. त्या खडकाच्या वर आणि खाली चिकणमातीसारख्या घट्ट खडकाचे थर आहेत, आणि त्यांतून पाणी सहसा निसटत नाही.

पूर्वेच्या उंच डोंगररांगांपाशी हा वालुकाश्म उघडा पडलेला आहे. तिथे पडणारा पाऊस त्यात शिरतो आणि उताराने पश्चिमेकडे सरकू लागतो, वर्षाला जेमतेम एक ते पाच मीटर. या गतीने मध्य ऑस्ट्रेलिया गाठायला लाखो वर्षं लागतात, म्हणून तिथल्या काही पाण्याचं वय दहा-वीस लाख वर्षं निघतं. आत शिरलेलं पाणी उंचावर, पुढचं पाणी खोलात आणि दोन्हीकडून कोंडलेलं. इमारतीच्या गच्चीवरच्या टाकीमुळे तळमजल्याच्या नळाला जोर येतो, तसाच जोर इथल्या खोल पाण्यावर असतो. वरच्या थराला भोक पाडलं की नळ उघडल्यासारखं ते आपोआप वर उसळतं. पंप लागत नाही.

आपल्या दख्खनच्या बेसाल्टमध्ये पाणी मुख्यतः भेगांत आणि सच्छिद्र थरांत सापडतं. भेग लागली तर लागली, नाहीतर पाचशे फूट खणून धूळच हाती येते. त्यामुळे मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला ‘बोअर घेतली की पाणी येणारच’ हे वाक्य परीकथेतलं वाटेल. बर्ड्सविल ट्रॅकवर मात्र सरकारने टप्प्याटप्प्याने अशा बोअर घेतल्या आणि जुन्या पाणवठ्यांची जागा त्यांनी घेतली. कळप एका बोअरवरून दुसऱ्या बोअरवर जाऊ लागले.

पाणी जेवढं खोल, तेवढं गरम. खाली जाऊ तसं पृथ्वीचं तापमान वाढत जातं. बर्ड्सविलची १९६१ ची बोअर सुमारे सव्वा किलोमीटर खोल आहे आणि तिचं पाणी ९८ अंशांना बाहेर येतं, म्हणजे जवळजवळ उकळतं. ते आधी थंड करायचं आणि मग गावाला पुरवायचं. जगभर पाणी तापवायला पैसे लागतात. इथे निववायला जागा लागते.

त्या उष्णतेवर गावाने काही वर्षं वीजही काढली. पाणी थेट जनित्रावर सोडायचं नाही. आधी त्याच्या उष्णतेने कमी तापमानाला उकळणारा दुसरा द्रव उकळवायचा, त्याची वाफ चक्राला द्यायची आणि ती पुन्हा थंड करून तोच द्रव वापरायचा. ऐंशी किलोवॉटच्या आसपासचं हे केंद्र २०१८ मध्ये बंद झालं. इतकं लहान संयंत्र इतक्या लांब सांभाळणं महागात जातं. एक सुटा भाग बिघडला तरी माणूस हजारभर किलोमीटरवरून येणार.

ऊन पडलेलं असताना येणारा पूर

डायमँटिनाला पूर येतो तेव्हा बर्ड्सविलमध्ये पाऊस पडलेला असेलच असं नाही. पाऊस उत्तरेला कित्येक शे किलोमीटरवर पडतो. मधला प्रदेश इतका सपाट आहे, की नदी एका पात्रात मावत नाही. ती शेकडो फाट्यांत पसरून गोगलगायीच्या गतीने सरकते. उत्तरेत धो-धो कोसळल्यावर पाणी इथे पोचायला आठवडे लागतात. निरभ्र आभाळाखाली पाणी चढत येतं, रस्ते बुडतात, गावाचं बेट होतं. त्या दिवसांत जे येईल ते विमानाने.

गावकरी याला आपत्ती म्हणत नाहीत, निदान मळेवाले तरी नाहीत. पाणी ओसरलं की मागे गाळ आणि ओल राहते, त्यावर हिरवं गवत माजतं आणि गुरं भराभर धष्टपुष्ट होतात. पुढे हेच पाणी, उरलं तर, आयर सरोवरात जातं. हे सरोवर समुद्रसपाटीहून पंधरा मीटर खाली आहे, तिथून बाहेर पडायला वाट नाही.

उंट, ट्रक आणि टपाल

बर्ड्सविल ट्रॅकचा मुंबई इलाख्याशी एक विसरलेला धागा आहे. १८६० मध्ये बर्क आणि विल्स यांच्या, ऑस्ट्रेलिया दक्षिणेकडून उत्तरेकडे ओलांडण्याच्या मोहिमेसाठी चोवीस उंट आणि त्यांना हाकणारे लोक मेलबर्नला उतरले, ते कराचीहून. सिंध तेव्हा मुंबई इलाख्यात होता. १८६६ मध्ये कराचीहून शंभराहून अधिक उंट आणखी गेले. पुढच्या साठ वर्षांत सिंध, बलुचिस्तान, पंजाब, पेशावर इथून शेकडो उंटवाले गेले. गोऱ्यांनी त्या सगळ्यांना सरसकट ‘अफगाण’ म्हटलं. मरीमध्ये त्यांनी मातीची मशीद बांधली. त्यांची घरं रेल्वेमार्गाच्या एका बाजूला, आदिवासींजवळ. गोऱ्यांची दुसऱ्या बाजूला. पीठ, साखर, तारेची भेंडोळी, पियानोसुद्धा यांच्याच उंटांवरून आत गेले, आणि १९०३ च्या कायद्याने यांनाच नागरिकत्व नाकारलं.

ट्रक आले तेव्हा उंट मोकळे सोडले गेले. ते इतके वाढले, की दक्षिण ऑस्ट्रेलियाने १९२५ साली उंट मारण्याचा कायदा केला. आज बर्ड्सविलच्या बेकरीत मैद्याच्या पारीत उंटाच्या मांसाचं करी मसाल्यातलं सारण भरून भाजलेला पदार्थ मिळतो आणि लोक तो खायला रांग लावतात. उंटही आपल्या उपखंडातून गेलेला, मसालाही.

ट्रकवाल्यांमध्ये टॉम क्रूझ हे नाव अजून निघतं. हा सिनेमातला नव्हे. हा मरी-बर्ड्सविल टपाल नेणारा. १९३६ पासून पुढची वीसेक वर्षं त्याने ही फेरी केली. वाळूची टेकडी आली की चाकांखाली लोखंडी पत्रे अंथरायचे, ट्रक पत्र्याच्या लांबीइतका पुढे घ्यायचा, मागचे पत्रे उचलून पुढे टाकायचे. एका फेरीला कधी दोन आठवडेही लागत. त्याच्यावर बेतलेला ‘द बॅक ऑफ बियाँड’ हा माहितीपट १९५४ साली आला, व्हेनिसच्या महोत्सवात गाजला, आणि शहरी ऑस्ट्रेलियाला आपल्याच देशाचा हा भाग पहिल्यांदा नीट दिसला.

पायाने चालणारा रेडिओ, आकड्यांची औषधं

गाव राहतं का मोडतं, हे शेवटी आजारपणात ठरतं. जिथे बाळंतपणाची सोय नाही तिथे बाई राहत नाही, आणि बाई नाही तिथे वस्ती टिकत नाही. प्रेस्बिटेरियन चर्चच्या जॉन फ्लिन या पाद्र्याने हे ओळखलं होतं. त्याच्या संस्थेने १९२३ मध्ये बर्ड्सविलच्या बंद पडलेल्या रॉयल हॉटेलात दवाखाना थाटला. डॉक्टर नाही, फक्त परिचारिका. पुढे १७ मे १९२८ रोजी उत्तरेकडच्या क्लोनकरी गावातून डॉक्टरला घेऊन पहिलं विमान उडालं. आजची रॉयल फ्लाइंग डॉक्टर सर्व्हिस ती हीच.

पण विमानाला बोलवायचं कसं? तारा नाहीत, टेलिफोन नाही, वीज नाही, बॅटऱ्या जड आणि महाग. ॲडिलेडच्या आल्फ्रेड ट्रेगर या अभियंत्याने १९२९ मध्ये छोट्या जनित्राला सायकलचे पायडल जोडले. खुर्चीत बसून पाय मारायचे, सुमारे वीस वॉट वीज तयार होते, आणि हात संदेश पाठवायला मोकळे राहतात. वीस वॉटमध्ये शेकडो किलोमीटर संदेश जाईल कसा, असं वाटेल. रेडिओच्या लघुलहरी वर जातात, वातावरणाच्या वरच्या विद्युतभारित थरावर आपटून खाली येतात. मधल्या डोंगर-वाळवंटाचा त्यांना अडथळा होत नाही. सुरुवातीला संदेश मोर्सच्या कट्ट-कडकट्टमध्ये जात. ते शिकायला मळ्यावरच्या बायकांना सवड कुठली? म्हणून ट्रेगरने टंकलेखन यंत्रासारखा कळफलक केला: अक्षर दाबा, मोर्स आपोआप. काही वर्षांत आवाजच जाऊ लागला.

मग ठरावीक वेळी सगळ्या स्टेशनांवरच्या बायका रेडिओवर गप्पा मारू लागल्या. सतत कलकलाट करणाऱ्या गाला नावाच्या गुलाबी काकाकुव्यावरून त्या वेळेला ‘गाला सेशन’ म्हणत. एक बोलणार, बाकी सगळे ऐकणार. कुणाकडे पीठ संपलं, कुणाचा नवरा कळप घेऊन कुठवर पोचला, हे शंभर मैलांवरच्या शेजारणीला ठाऊक असे. तुमची मूळव्याधही सार्वजनिक. गावातली माणसं एकमेकांना दिसतात म्हणून गाव बनतं, असा आपला समज. इथलं गाव कानांनी बनलं.

याच काळात, १९४२ पासून, औषधांच्या पेट्या आल्या. प्रत्येक औषधाला आकडा. डॉक्टर रेडिओवर विचारणार कुठे दुखतं; शरीराच्या चित्रावरही आकडे, म्हणजे ‘पोटात’ असं मोघम सांगायचं नाही, आकडा सांगायचा. मग तो म्हणणार, अमक्या आकड्याच्या दोन गोळ्या द्या. खरखरत्या रेडिओवर औषधाचं लांबलचक नाव चुकीचं ऐकू येऊ शकतं, आकडा सहसा येत नाही. तिकडे एक किस्सा सांगतात: नऊ नंबरची गोळी संपली होती, म्हणून मळेवाल्याने बायकोला एक पाचची आणि एक चारची दिली. खरं-खोटं देव जाणे, पण पद्धत नेमकी कशी होती ते त्यातून कळतं. पेट्या आजही दुर्गम मळ्यांवर ठेवल्या जातात आणि डॉक्टर विमानाने ठरल्या दिवशी येतो.

चौकट: वाळवंट ओलांडायचं असेल तर

पश्चिमेला सिम्पसन वाळवंटात वाळूच्या हजाराहून अधिक समांतर रांगा आहेत. १९३६ मध्ये टेड कॉल्सन उंटांवरून ते ओलांडून बर्ड्सविलला आला. १९६२ मध्ये रेग स्प्रिग हा भूवैज्ञानिक बायको-मुलांसह मोटारीने आला. तेल शोधणाऱ्यांनी आखलेल्या वाटा आता पर्यटक वापरतात.

• टायरमधली हवा बरीच कमी करतात. चपटं टायर वाळूवर जास्त जागा व्यापतं, भार पसरतो आणि चाक रुतत नाही.

• गाडीला उंच काठीवर झेंडा लावतात. टेकडीच्या माथ्यापलीकडून येणारी गाडी दिसत नाही, झेंडा दिसतो.

• डिसेंबर ते मार्चच्या मध्यापर्यंत उन्हामुळे वाळवंटातलं राष्ट्रीय उद्यान बंद असतं.

सप्टेंबरची जत्रा

गुरं आता ट्रकने जातात. महिनाभर चालत कोणी येत नाही. थांबणारा आता पर्यटक आहे, आणि त्याला आणणारी सगळ्यात मोठी गोष्ट घोड्यांची शर्यत. पहिली शर्यत १८८२ मध्ये झाली, आसपासच्या मळ्यांवरच्या गड्यांनी आपलेच घोडे पळवले. आज सप्टेंबरच्या सुरुवातीला हजारो लोक येतात. धावपट्टी हॉटेलसमोरच; छोटी विमानं ओळीने उभी राहतात आणि काही वैमानिक पंखाखालीच तंबू ठोकतात. उत्पन्नातला वाटा फ्लाइंग डॉक्टरला जातो. २००७ मध्ये घोड्यांच्या साथीने आणि २०१० मध्ये चक्क पावसाने शर्यती बुडाल्या. चिकणमातीचं मैदान ओलं झालं की त्यावर घोडाही चालत नाही आणि तिथपर्यंत गाडीही पोचत नाही.

शंभर माणसांना हजारोंची उठबस झेपते कशी? गावापुरती व्यवस्था असती तर झेपली नसती. बर्ड्सविल ज्या डायमँटिना शायरमध्ये (आपल्या तालुक्यासारखं स्वराज्य संस्थेचं क्षेत्र) येतं, ते सुमारे ९५,००० चौरस किलोमीटरचं आहे, म्हणजे महाराष्ट्राच्या जवळजवळ एक-तृतीयांश. त्यात माणसं तीनशेच्याही आत. घरपट्टीवर एवढा पसारा चालणं शक्यच नाही. रस्ते, पाणी, धावपट्टी यांचा खर्च बहुतांशी राज्य आणि केंद्र सरकारच्या अनुदानातून येतो. गावातल्या बऱ्याच नोकऱ्याही त्यातूनच निघतात: रस्ते सपाट करणारा ग्रेडर चालवणं, पाणीपुरवठा, कचरा. इथे माणशी खर्चाचा हिशोब लावला तर गाव उद्याच बंद करावं लागेल. सरकार तो लावत नाही, कारण इथे पेट्रोल, परिचारिका आणि पोलीस नसतील तर पुढचे पाचशे किलोमीटर सगळ्यांसाठीच बंद होतात.

अडचण आता वेगळीच आहे. २०१६ च्या जनगणनेत बर्ड्सविलची वस्ती १४० होती, पाच वर्षांत ती तीसने घटली. शंभराच्या गावात एक कुटुंब हललं तरी शाळेचा पट हलतो. प्राथमिक शाळा गावात आहे, पण त्यापुढे मुलांना शेकडो किलोमीटर दूर वसतिगृहात धाडावं लागतं. त्या वयाला मूल आलं की पुष्कळ आईबाप त्याच्याबरोबर स्वतःही निघतात, आणि रिकाम्या झालेल्या घरात पुढे येतो तो दोन-तीन वर्षांच्या करारावरचा नवा कर्मचारी.